शोध पत्रकाराला हिरो म्हणू नका

रात्री आठच्या सुमाराला आम्ही एका शोधबातमीची स्क्रिप्ट वाचायला बसलो होतो. मी तेव्हा डेस्कवर होतो. टेबलाच्या एका बाजूला रिपोर्टर, समोर चॅनेलचे वकील, मध्ये सहा पानांची प्रिंट. वकील पेन्सिल हातात घेऊन एकेक ओळ खाली उतरत होते. ‘अधिकाऱ्याने लाच घेतली’ या वाक्याशी ते थांबले.

“फुटेजमध्ये नेमकं काय दिसतं?”

“पाकीट घेताना दिसतात, सर.”

“मग तेवढंच म्हणा.”

वाक्य बदललं. ‘अधिकारी पाकीट स्वीकारताना दिसतात.’ पाकिटात काय होतं ते कशावरून सांगणार, यावर आणखी अर्धा तास गेला. सहा पानांना अडीच तास लागले. शेवटी रिपोर्टरने कागद गोळा करता करता विचारलं, “आणि केस झाली तर?” वकील म्हणाले, “तर आपण लढू.”

या लेखात मला जे सांगायचंय ते सगळं त्या ‘आपण’ या शब्दात आहे. मराठीत ‘आम्ही’ वेगळं आणि ‘आपण’ वेगळं. ‘आपण’ म्हणणारा समोरच्याला बरोबर धरतो. टीव्हीवरच्या शोध पत्रकाराची कारकीर्द त्याच्या धाडसावर, चिकाटीवर, कॅमेऱ्यासमोरच्या आवाजावर जेवढी उभी असते, त्याहून जास्त ती या एका शब्दावर उभी असते. त्याची संस्था ‘आपण’ म्हणते की वेळ आल्यावर ‘तुम्ही’ म्हणते, यावर तो वीस वर्षं काम करणार की चार वर्षांत बाहेर पडणार हे ठरतं. आणि आपण प्रेक्षक मात्र त्याला एकटा वीर ठरवून टाळ्या वाजवतो. मला या टाळ्यांची काळजी वाटते. एकट्याला टाळ्या वाजवण्याची सवय लागली की त्याला एकटं सोडण्याचीही सवय लागते.

अमेरिकन टीव्ही पत्रकार एडवर्ड मरोचं उदाहरण नेहमी दिलं जातं. 9 मार्च 1954 रोजी सीबीएस या अमेरिकन चॅनेलवरच्या ‘सी इट नाउ’ या कार्यक्रमात त्याने लोकांवर कम्युनिस्ट असल्याचे आरोप करत सुटलेल्या सिनेटर जोसेफ मॅकार्थीची भाषणं, आरोप आणि साक्षीदारांना धमकावण्याची पद्धत त्याच्याच फुटेजमधून दाखवली. पत्रकारितेच्या वर्गात हा प्रसंग एका निर्भय माणसाची गोष्ट म्हणून सांगितला जातो. पण त्या कार्यक्रमाची वर्तमानपत्रातली जाहिरात मरो आणि त्याचा निर्माता फ्रेड फ्रेंडली यांनी स्वतःच्या खिशातून दिली होती. 1,500 डॉलर. जाहिरातीत सीबीएसचं चिन्ह नव्हतं. म्हणजे कंपनीने कार्यक्रम प्रसारित होऊ दिला, पण तो आपला म्हणायला ती तयार नव्हती. पुढच्याच वर्षी प्रायोजक बाजूला झाला, कार्यक्रमाची ठरलेली साप्ताहिक वेळ गेली आणि 1958 मध्ये तो बंदच झाला.

याच मरोच्या आयुष्यातला दुसरा प्रसंग फारसा सांगितला जात नाही, आणि मला तो जास्त बोलका वाटतो. नोव्हेंबर 1960 मध्ये त्याने ‘हार्वेस्ट ऑफ शेम’ हा माहितीपट सादर केला. अमेरिकेतल्या शेतांवर राबणाऱ्या स्थलांतरित मजुरांचे हाल त्यात होते. काही महिन्यांतच तो सरकारच्या माहिती संस्थेचा प्रमुख झाला. तिथे बसल्यावर त्याने बीबीसीला विनंती केली की हा माहितीपट दाखवू नका. स्वतःचाच माहितीपट! बीबीसीने तो दाखवला. मरो रातोरात भित्रा झाला होता, असं मी म्हणणार नाही. खुर्ची बदलली आणि खुर्चीबरोबर तिचं कामही बदललं. ज्या माणसाला आपण धैर्याचा पुतळा मानतो, त्याचंही धैर्य तो कुठे बसला आहे यावर अवलंबून होतं. मग सामान्य रिपोर्टरकडून आपण एकट्याच्या बळावर काय अपेक्षा करायची?

टीव्हीचा शोध छापील शोधापेक्षा वेगळा आणि जास्त खर्चिक असतो. वर्तमानपत्राचा बातमीदार दस्तऐवज हातात आला की लिहू शकतो. टीव्हीला चित्र लागतं. ज्याला सगळं माहीत आहे त्याने कॅमेऱ्यासमोर बसायला हवं, किंवा त्याचा चेहरा झाकून, आवाज बदलून तरी बोलायला हवं. सूत्राने शेवटच्या क्षणी ‘नको’ म्हटलं तर तीन महिन्यांचं काम तिथेच संपतं. चाळीस तासांच्या रशेस (न कापलेलं फुटेज) बघून, टाइमकोड (कोणतं दृश्य कितव्या मिनिटाला आहे ते) लिहून, त्यातून पंचवीस मिनिटं काढायची. ज्याच्यावर आरोप आहेत त्याला प्रश्न लेखी पाठवून उत्तरासाठी रास्त वेळ द्यायचा, आणि तो त्या वेळात कोर्टात जाऊन मनाई हुकूम आणू शकतो हे गृहीत धरायचं. यातलं बहुतेक काम पडद्यावर न दिसणारी माणसं करतात. निर्माता, संशोधक, कॅमेरामन, एडिटर, वकील. प्रेक्षकाला मात्र शेवटी बंद दारावर थाप मारणारा एकच माणूस दिसतो.

तंबाखू कंपनीचा संशोधक जेफ्री वायगंड सीबीएसच्या ‘सिक्स्टी मिनिट्स’ या कार्यक्रमासमोर बोलला तो 1995 चा उन्हाळा होता. कंपनीला निकोटिनच्या व्यसनाबद्दल काय ठाऊक होतं, हे तो आतून सांगत होता. त्याला बोलतं करणारा माणूस होता निर्माता लोवेल बर्गमन. मुलाखत घेणारा प्रसिद्ध चेहरा होता माइक वॉलेस. सीबीएसच्या वकिलांनी भीती घातली की वायगंडने कंपनीशी गोपनीयतेचा करार केला आहे, तो मोडायला लावला म्हणून आपल्यावरच प्रचंड रकमेचा दावा होऊ शकतो. त्याच काळात सीबीएस विकली जात होती. नोव्हेंबरमध्ये मुलाखतीशिवायचाच कार्यक्रम दाखवला गेला. जानेवारी 1996 मध्ये एका वर्तमानपत्राने वायगंडची कोर्टातली साक्ष छापली, आणि त्यानंतर, 4 फेब्रुवारीला, सीबीएसने पूर्ण मुलाखत दाखवली. कोणाचंही धैर्य कमी पडलं नव्हतं. सूत्र बोललं होतं, निर्मात्याने काम केलं होतं, टेप तयार होती. कमी पडला तो ‘आपण लढू’ हा शब्द. बर्गमन नंतर सीबीएसमध्ये राहिला नाही.

ब्रिटनमधलं उदाहरण याहून जिव्हारी लागणारं आहे. जिमी सॅव्हिल हा बीबीसीचा लाडका सादरकर्ता ऑक्टोबर 2011 मध्ये वारला. त्यानंतर लगेच ‘न्यूजनाइट’ या कार्यक्रमासाठी निर्माता मेरियन जोन्स आणि रिपोर्टर लिझ मक्कीन यांनी त्याच्या लैंगिक अत्याचारांचा शोध सुरू केला. शाळकरी वयात त्याच्या हाती सापडलेल्या स्त्रियांशी ते बोलले. एकीची मुलाखत कॅमेऱ्यावर झाली. डिसेंबरमध्ये संपादकाने बातमी थांबवली. त्याच नाताळात बीबीसीवर सॅव्हिलला आदरांजली वाहणारे कार्यक्रम झाले. दहा महिन्यांनी, 3 ऑक्टोबर 2012 रोजी, आयटीव्ही या दुसऱ्या चॅनेलने तोच विषय दाखवला आणि शेकडो पीडित पुढे आले.

मक्कीन आणि जोन्स यांनी काय करायला हवं होतं? हा प्रश्न मला अनेकांनी विचारला आहे आणि विचारणाऱ्याच्या मनात उत्तर बहुधा तयार असतं: राजीनामा द्यायचा, टेप बाहेर न्यायची, हिरो व्हायचं. पण त्या टेपवर एका स्त्रीने विश्वासाने सांगितलेली गोष्ट होती. ती बाहेर नेण्याचा हक्क एकट्या रिपोर्टरला आहे का? तिची ओळख, तिला येणाऱ्या धमक्या, पुढची चौकशी, हे सगळं तो एकटा कसं निभावणार? दोघांनी आत राहून वाद घातला, ईमेल लिहिले, आपला मुद्दा नोंदवून ठेवला. पुढे चौकशी समितीपुढे त्याच नोंदी कामी आल्या. ऑक्टोबर 2012 मध्ये बीबीसीच्याच ‘पॅनोरमा’ने बीबीसीत काय झालं यावर कार्यक्रम केला. आपल्याच घराची झडती आपल्याच पडद्यावर! हे करता येतं, हेही त्या संस्थेच्या खात्यावर जमा धरायला हवं. तरीही काही वर्षांत दोघंही बीबीसीतून बाहेर पडले होते. बरोबर ठरणं आणि टिकणं यांचा संबंध किती सैल असतो, ते इथे दिसतं.

या प्रकरणाचा पुढचा भाग विसरून चालणार नाही. नोव्हेंबर 2012 च्या सुरुवातीला त्याच ‘न्यूजनाइट’ने वेल्समधल्या बालगृहांतल्या अत्याचारांवर बातमी केली. तिच्यावरून एका निर्दोष राजकारण्याकडे बोट दाखवलं गेलं. पीडिताने माणूस चुकीचा ओळखला होता आणि त्याला फोटो दाखवून खात्री करण्याची साधी पायरी झाली नव्हती. बीबीसीचे महासंचालक जॉर्ज एन्टविसल यांना जावं लागलं. एका वर्षाच्या आत एकाच कार्यक्रमाने खरी बातमी दाबली आणि खोटी दाखवली. दोन्हींत तीच गोष्ट गायब होती: वाद ऐकून घेणारी, तपासणारी आणि मग ठामपणे मागे उभी राहणारी यंत्रणा.

हिरो बनवण्याचं दुसरं नुकसान इथेच आहे. हिरोला कोणी प्रश्न विचारत नाही. बीबीसीचा पत्रकार मार्टिन बशीर याची राजकुमारी डायनाशी झालेली मुलाखत 20 नोव्हेंबर 1995 ला प्रसारित झाली आणि तो एका रात्रीत जगप्रसिद्ध झाला. डायनाच्या भावाचा विश्वास मिळवण्यासाठी त्याने बँकेची बनावट स्टेटमेंट तयार करून घेतली होती. ती ज्याच्याकडून करून घेतली त्या मॅट विस्लर या ग्राफिक डिझायनरला शंका आली आणि त्याने वरिष्ठांना सांगितलं. परिणाम असा की 1996 च्या अंतर्गत चौकशीत बशीर प्रामाणिक ठरला, आणि डिझायनरला पुढे काम द्यायचं नाही असं ठरलं. मे 2021 मध्ये निवृत्त न्यायमूर्ती डायसन यांचा अहवाल येईपर्यंत पंचवीस वर्षं गेली. ज्याने खऱ्या अर्थाने शोध पत्रकाराचं काम केलं, म्हणजे कागद खोटा आहे हे ओळखून सांगितलं, तो होता मॅट विस्लर. त्याच्यासाठी कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत, कारण तो पडद्यावर नव्हता.

भारतातही दोन टोकं आपण पाहिली आहेत. डिसेंबर 2005 मध्ये ‘कोब्रापोस्ट’ ही वेबसाइट आणि ‘आज तक’ यांनी संसदेत प्रश्न विचारण्यासाठी पैसे घेणारे खासदार छुप्या कॅमेऱ्यावर दाखवले आणि अवघ्या अकरा दिवसांत संसदेने 11 खासदारांना बडतर्फ केलं. दोन वर्षंही झाली नाहीत तोच दिल्लीतल्या एका शिक्षिकेवर एका चॅनेलने स्टिंग दाखवलं. ती विद्यार्थिनींना वाममार्गाला लावते असा आरोप होता. शाळेबाहेर जमाव जमला, तिला मारहाण झाली, अटक झाली. नंतर कळलं की स्टिंग बनावट होतं. चॅनेलचं प्रसारण एक महिना बंद ठेवण्यात आलं. त्या शिक्षिकेला परत काय मिळालं असेल, याचा विचार मनातून जात नाही. छुपा कॅमेरा दोन्हीकडे तोच होता. माझ्या मते प्रत्येक स्टिंगला प्रसारणाआधी एक माणूस असा लागतो, ज्याचं त्या बातमीशी काही देणंघेणं नाही, आणि ज्याच्या ‘थांबा’ या शब्दाला वजन आहे. स्टार रिपोर्टरलाही त्याच्यापुढे बसावं लागलं पाहिजे.

आता आक्षेप. प्रसिद्ध चेहरा हे संरक्षणही असतं, असं म्हणतात. ज्याला लाखो लोक ओळखतात त्याला हात लावायला सत्ता आणि गुंड दोघंही कचरतात. काही अंशी हे खरं आहे आणि मी ते नाकारत नाही. पण पीटर आर. डे फ्रीस नेदरलँड्समधल्या घराघरांत माहीत होते. दशकानुदशकं त्यांनी टीव्हीवर न सुटलेल्या गुन्ह्यांचा पाठपुरावा केला होता. 6 जुलै 2021 च्या संध्याकाळी ॲमस्टरडॅममध्ये टीव्ही स्टुडिओतून बाहेर पडल्यावर भर रस्त्यात त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. नऊ दिवसांनी ते गेले. त्याच वर्षी एप्रिलमध्ये ग्रीसमध्ये टीव्हीवर गुन्हेवार्ता करणारे योर्गोस करायवाझ यांना घराबाहेर मारण्यात आलं. चेहरा ढाल होतो तसा निशाणही होतो.

घानाचे शोध पत्रकार अनास आरेमेयाव अनास यांनी म्हणूनच उलटी वाट धरली. ते सार्वजनिक ठिकाणी टोपीला लावलेल्या मण्यांच्या माळांचा पडदा चेहऱ्यावर घेऊन येतात. 2015 मध्ये त्यांच्या टीमने लाच घेणारे न्यायाधीश दाखवले, 2018 मध्ये फुटबॉलमधला भ्रष्टाचार. लोक अनास यांना ओळखतात, पण त्यांचा चेहरा ओळखत नाहीत. त्यांच्या टीममधल्या अहमद हुसेन सुआले यांना मात्र हे संरक्षण उरलं नाही. एका राजकारण्याने त्यांचा फोटो टीव्हीवर दाखवला, त्यांना मारहाण करा म्हणून सांगितलं. जानेवारी 2019 मध्ये आक्रामध्ये त्यांची गोळ्या घालून हत्या झाली. म्होरक्याचा चेहरा झाकलेला असला तरी हाताखालचा माणूस उघडा पडतो. संरक्षण टीमला नसेल तर कोणालाच नसतं.

उलट, संस्था मागे उभी राहिली की काय होतं, याचं मला सर्वांत आवडणारं उदाहरण पत्त्यांच्या कॅटचं आहे. 1974 मध्ये बर्मिंगहॅममध्ये बॉम्बस्फोटांत 21 माणसं मेली आणि सहा आयरिश पुरुषांना जन्मठेप झाली. त्यांच्यातल्या काहींच्या हातांवर स्फोटक द्रव्याचे अंश सापडले, असं सरकारी तज्ज्ञाने सांगितलं होतं. ब्रिटनमधल्या ग्रॅनाडा टीव्हीच्या ‘वर्ल्ड इन ॲक्शन’ या कार्यक्रमाने पत्रकार क्रिस मलिन यांच्याबरोबर काम करताना तीच चाचणी पुन्हा करून घेतली. पत्ते हाताळलेल्या हातांवरही ती चाचणी तसाच निकाल देऊ शकते, असं दिसलं. आणि ही माणसं त्या संध्याकाळी आगगाडीत पत्ते खेळत होती. 1985 मध्ये हा कार्यक्रम दाखवला गेला. माणसं सुटली नाहीत. 1988 मध्ये अपील फेटाळलं गेलं. ग्रॅनाडा विषयाला चिकटून राहिलं, 1990 मध्ये पुन्हा त्यावर कार्यक्रम केला. 14 मार्च 1991 रोजी सहाही जण तुरुंगाबाहेर आले, सोळा वर्षांनी. ग्रॅनाडा ही जाहिरातींवर चालणारी खाजगी कंपनी होती, हे मुद्दाम लक्षात घ्यावं. ‘खाजगी चॅनेलला हे परवडत नाही’ हे वाक्य मी आयुष्यभर ऐकत आलो आहे, आणि प्रत्येक वेळी मला ते पत्ते आठवतात.

परवडण्याची गोष्ट खरी कोर्टात असते. 1992 मध्ये एबीसी या अमेरिकन चॅनेलच्या निर्मात्यांनी फूड लायन या किराणा साखळीत नोकरी धरून छुप्या कॅमेऱ्याने शिळ्या मांसाची विक्री दाखवली. कंपनीने बदनामीचा दावा केलाच नाही. खोटी माहिती देऊन नोकरी मिळवली, मालकाशी बेइमानी केली, असा दावा केला. ज्यूरीने 55 लाख डॉलरचा दंड ठोठावला. 1999 मध्ये अपिलात नुकसानभरपाई उरली फक्त 2 डॉलर. पण त्या सात वर्षांचा वकिलांचा खर्च? तो एबीसीने सोसला. एकटा फ्रीलान्सर असता तर पहिल्या वर्षीच तो कामातून उठला असता. दावा जिंकण्यासाठी करायचाच नसतो, समोरच्याला दमवण्यासाठी करायचा असतो, हे कळलेल्या कंपन्या आणि पुढारी जगभर आहेत. युरोपीय संघाने 2024 मध्ये अशा दाव्यांविरुद्ध निर्देश काढला. तो मुख्यतः एकापेक्षा जास्त देशांशी संबंधित दिवाणी दाव्यांपुरता आहे, तरी दिशा बरोबर आहे. असा कायदा प्रत्येक लोकशाहीत हवा.

आणि नोकरीच्या करारात एक कलम हवं. प्रसारित झालेल्या बातमीची केस रिपोर्टरने नोकरी सोडल्यावरही, तो स्ट्रिंगर (बातमीगणिक पैसे मिळणारा बातमीदार) असला तरीही, संस्थेनेच लढायची, आणि मूळ फुटेज केस संपेपर्यंत जपायचं. बातमी थांबवली तर का थांबवली ते संपादकाने सही करून लिहून द्यायचं. या मागण्या रुक्ष वाटतात, त्यावर कोणी चित्रपट काढणार नाही. पण पुरस्कार सोहळ्यातल्या स्मृतिचिन्हापेक्षा मला तो कागद महत्त्वाचा वाटतो. ब्राझीलमध्ये टीव्ही ग्लोबोचे टिम लोपेस 2002 च्या जूनमध्ये रिओतल्या वस्तीत छुपा कॅमेरा घेऊन गेले आणि टोळीने त्यांना हाल करून मारलं. त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यांच्यासाठी शोकसभा घेतल्या. पण तेवढ्यावर न थांबता त्याच डिसेंबरमध्ये त्यांनी शोध पत्रकारांची ‘अब्राजी’ ही संघटना उभी केली. प्रशिक्षण, सुरक्षितता, एकमेकांना आधार. हुतात्म्याच्या फोटोला हार घालणं त्या मानाने फार सोपं होतं.

त्या रात्री स्क्रिप्ट वाचून झालेली बातमी प्रसारित झाली. नऊ मिनिटांची. लोकांनी तिचं कौतुक केलं, रिपोर्टरचे फोटो शेअर केले, ‘खरा हिरो’ लिहिलं. अधिकाऱ्याने दावा लावला. दोन वर्षांनी मालकी बदलली, वकील बदलले, रिपोर्टर दुसरीकडे गेला. मग तारखेची नोटीस आली, तेव्हा व्यवस्थापनाकडून त्याला उत्तर मिळालं, “ही तुमची केस आहे.”

गेल्या वर्षी त्याचा फोन आला. कोर्टाने न कापलेलं मूळ फुटेज मागितलं होतं. पाकीट देण्याआधीचं आणि घेतल्यानंतरचं बोलणं त्यात होतं, जवळपास चाळीस मिनिटांचं. “तुम्ही तेव्हा होतात डेस्कवर. रशेस कुठे ठेवल्या असतील, काही आठवतं का?” मी जुन्या सहकाऱ्यांना फोन केले. लायब्ररी सांभाळणारा माणूस केव्हाच निवृत्त झाला होता. त्याच्या जागी आलेल्या मुलाने दोन दिवस शोधलं आणि सांगितलं, सर्व्हर बदलताना जुनं सगळं पुसलं. प्रसारित झालेली नऊ मिनिटं तेवढी सापडली. ती मी त्याला पाठवली. पुढची तारीख कधीची आहे, ते त्याने सांगितलं आणि फोन ठेवला.